फिरणं जातं कुठं

दामलेबाई कुणाच्या घरी गेल्या आणि तिथं कुणी दळत बसलेलं असलं, की त्यांचं बोलण्यातलं लक्ष उडायचं. हातातला चहा तसाच ठेवून त्या जात्यापाशी जाऊन उकिडव्या बसायच्या आणि पाळीभोवती पडलेल्या पिठात बोट घालायच्या. घरच्या बाईला वाटायचं, बाई पीठ बारीक आहे का ते बघताहेत. ती सावरून म्हणायची, "अजून एक घास घालायचाय." दामलेबाईंचं भलतंच असायचं. "पीठ ऊन लागतंय," त्या म्हणायच्या. "चूल तर तिकडं लांब आहे. मग हे ऊन आलं कुठनं?" जातं ओढणारी बाई आधी त्यांच्याकडे आणि मग माझ्याकडे बघायची. दळलेलं पीठ ऊन लागतं, हे तिला तिच्या आजीपासून ठाऊक असायचं. ते का लागतं, हे विचारायला दारात कुणी आलेलं नसायचं.

पौडला तेव्हा हायस्कूल नवीन होतं. मी मराठी आणि शिवण शिकवायची, दामलेबाई गणित आणि विज्ञान. शाळेच्या मागं एका सुताराच्या घरातल्या दोन खोल्या आम्हा दोघींना मिळाल्या होत्या. त्या माझ्याहून बऱ्याच मोठ्या, म्हणून मी त्यांना कमलताई म्हणायची. बाकी सगळा गाव 'दामलेबाई' म्हणायचा. उंच, किडकिडीत, मनगटाला पुरुषी घड्याळ आणि अंबाड्यात खोचलेली पेन्सिल. ती पेन्सिल त्या दिवसातून कितीतरी वेळा हरवायच्या आणि दर वेळी ती अंबाड्यातच सापडायची. पुण्यातलं घर सोडून त्या इकडं का आल्या, लग्न का केलं नाही, हे मी कधी विचारलं नाही. त्यांनीही सांगितलं नाही. ज्या बाईला जगातली प्रत्येक गोष्ट विचारायची असायची, तिला स्वतःविषयी सांगण्यासारखं काही आहे असं वाटतच नसे.

त्यांचा पहिला तास मी शेजारच्या वर्गातून ऐकला होता. त्यांनी हेडमास्तरांची सायकल मागून आणली आणि वर्गात ती उलटी उभी केली. मागचं चाक जोरात फिरवलं आणि एका मुलीला फडक्याची घडी रिमवर दाबायला सांगितलं. चाक थांबलं. बाईंनी विचारलं, "फिरणं कुठं गेलं?"

एकजण म्हणाला, "थांबलं, बाई."

"थांबलं ते मलाही दिसलं. गेलं कुठं?"

त्या प्रश्नावर त्यांनी तो अख्खा तास काढला. मुलांनी फडकं दाबलं, लाकडाचा ठोकळा दाबला, एकानं पायातली वहाण काढून दाबली. शेवटी एका मुलीनं रिमला बोट लावलं आणि झटकन मागं घेतलं. मुलं रांगेनं येऊन रिमला हात लावून गेली. तास संपल्यावर हेडमास्तर सायकल न्यायला आले, तर अजून रांग संपली नव्हती.

एसटीच्या ड्रायव्हरांना त्यांची धास्ती होती. पुण्याहून येताना पिरंगुटचा घाट उतरून गाडी खाली थांबली, की बाई सगळ्यांत आधी उतरायच्या आणि मागच्या चाकाजवळ जाऊन नाक पुढं करून उभ्या राहायच्या. घाट उतरलेल्या गाडीच्या चाकांना एक जळका वास येतो. एकदा त्यांनी बाटलीतलं पाणी ओंजळीत घेऊन आतल्या लोखंडावर शिंपडलं. चर्र झालं आणि वाफ निघाली. ड्रायव्हर धावत आला.

"बाई, हात नगा लावू तितं. कातडं निगंल."

"नाही लावत," बाई म्हणाल्या. मग माझ्याकडे वळून, देवळात बोलावं तशा हळू आवाजात म्हणाल्या, "कुसुम, आपण त्या एवढ्या उंचावरून खाली आलो ना, ते सगळं उतरणं इथं येऊन बसलंय."

ड्रायव्हरनं मला खुणेनं विचारलं, बाईंचं डोकं ठिकाणावर आहे ना. मी आहे म्हणून सांगितलं. त्यानंतर घाट उतरताना गाडी खालच्या गियरमध्ये का घालतात, ब्रेकवर सारखा पाय का ठेवत नाहीत, हे सगळं त्यानं बाईंना समजावलं. प्रवासी आत कुरकुरत होते. बाईंना ते ऐकूच आलं नाही.

हे सगळं गमतीचं होतं. भिकू गेला तोपर्यंत.

भिकू गवळी रोज सकाळी सायकलला दुधाचे कॅन अडकवून पुण्याला जायचा. त्याच्यासारखे आणखीही काही होते. घाट हातानं सायकल ढकलत चढायचा आणि माथ्यावरून पुण्याच्या बाजूला, भुकूम गावाच्या अंगाला उतार लागला की स्वार व्हायचं, असा त्यांचा रिवाज. श्रावणातल्या एका सकाळी पाऊस पडत असताना भिकूची सायकल उतारावर आवरली नाही. वळणावरच्या आंब्याला तो धडकला आणि जागीच गेला. रस्त्यावर दूध आणि पाणी एक होऊन वाहत होतं, असं बघून आलेले सांगत होते.

गावात दोन गोष्टी बोलल्या जाऊ लागल्या. एक, त्या वळणावर काहीतरी आहे. तिथं कुणीतरी लिंबू-नारळ ठेवूनही आलं. दुसरी, भिकू प्यालेला होता. दुसरी हलक्या आवाजात बोलायचे, पण ती जास्त लोक बोलायचे.

दहावा-तेरावा उरकल्यावर आम्ही दोघी भिकूच्या बायकोला, सखूला, भेटायला गेलो. तिचं वय तेव्हा पस्तिशीच्या आत असेल. आम्हाला घोंगडी टाकली, पाणी दिलं. मी बोलायला शब्द शोधत होते आणि कमलताईंची नजर पडवीत भिंतीला टेकवलेल्या सायकलकडे गेली. पुढचं चाक वाकडं झालं होतं. मी मनात म्हटलं, नको. पण त्या उठल्याच. सायकलजवळ बसल्या, चाक बघितलं, ब्रेकच्या दांड्या बोटानं चाचपल्या. मग तिथूनच विचारू लागल्या, रबर कधी बदलले होते, कॅन केवढाले होते, पाऊस आदल्या रात्रीपासून होता की सकाळी लागला.

सखूनं एक-दोन उत्तरं दिली. मग तिचा आवाज चढला.

"मानूस गेला माजा, आन तुमी सायकल बगताय व्हय?"

घरातल्या म्हाताऱ्या सासूनंही रडं थांबवून वर बघितलं. कमलताई उठल्या. आम्ही तशाच निघालो. वाटेत त्या एवढंच म्हणाल्या, "ती बरोबर बोलली." घरी आल्यावर त्या जेवल्या नाहीत. पुढं बरेच दिवस हेडमास्तरांची सायकल त्यांनी वर्गात आणली नाही. मुलांना पाटीवरची गणितं घालत बसायच्या. मला त्यांच्या प्रश्नांचा कंटाळा यायचा असं मला वाटत होतं, पण ते बंद झाल्यावर त्या दोन खोल्यांत राहवेना.

गणपती बसायच्या सुमारास एका रविवारी सखू आमच्या अंगणात आली. भिकूची ती सायकल तिनं हातानं ओढत आणली होती. वाकडं चाक फिरत नव्हतं, म्हणून पुढचा भाग उचलून धरला होता. तिनं ती सुताराच्या ओट्याला टेकवली आणि पदरानं तोंड पुसलं.

"लोक म्हंत्यात, पिऊन होता," ती म्हणाली. "तुमी त्या दिशी जे बगत व्हता, ते बगा. पन जे निगंल ते मला सांगा. वाईट असलं तरी सांगा."

कमलताईंनी मान हलवली. आत येऊन चहा घे, असं म्हणायचंही त्यांना भान राहिलं नाही. ते मी म्हटलं.

त्या दिवसापासून आमचं अंगण अंगण राहिलं नाही. सुतारानं चाक सरळ करून दिलं. सायकल उलटी टाकून बाई ते फिरवायच्या आणि ब्रेक दाबायच्या. त्यांची पहिली कल्पना अशी, की रबर लहान आहे म्हणून पकड कमी पडते. त्यांनी लांब रबर कापून बसवले. चाक थांबायला लागायचा तेवढाच वेळ लागला. पुन्हा केलं. पुन्हा तेवढाच. मी शाळेची पेपरतपासणी करत आत बसले होते. भात करपल्याचा वास आला म्हणून बाहेर आले, तर बाई मांडी घालून जमिनीवर बसलेल्या आणि चेहऱ्यावर हसू.

"रबर लांब केलं तरी घर्षण वाढत नाही," त्या म्हणाल्या. "दाब तेवढाच असेल तर पकडही तेवढीच. दाब जास्त जागेवर वाटला जातो, एवढंच. पुस्तकात हे छापलेलं आहे. मी वर्षानुवर्षं फळ्यावर लिहिते. आणि कुसुम, माझा स्वतःचाच त्याच्यावर विश्वास नव्हता."

भात गेला, पण त्या संध्याकाळी त्यांनी किती दिवसांनी पोटभर पिठलं-भाकरी खाल्ली.

मग पाण्याची पाळी आली. मी तांब्यानं फिरत्या रिमवर धार धरायची आणि त्यांनी ब्रेक दाबायचा. कोरडं असताना जे चाक लगेच उभं राहायचं, ते ओलं झाल्यावर रबर दाबूनही फिरतच राहायचं, जणू ब्रेक नाहीच. रिमवरचं पाणी रबरानं पुसून निघेपर्यंत ते ऐकायचंच नाही. निम्म्याहून अधिक पाणी निघालं की मग एकदम पकडायचं. उतारावर तेवढ्या अवधीत सायकल किती वेग घेत असेल, हा विचार आम्हा दोघींच्याही मनात एकाच वेळी आला असावा. तांब्या माझ्या हातात तसाच राहिला.

आता अंगणात भागेना. त्यांना खरा उतार हवा होता आणि खरा पाऊस. भाद्रपदातल्या पावसात, दुधाच्या जागी पाण्यानं भरलेले कॅन लटकवून, पदर खोचून, दामलेबाई त्या भुकूमच्या उतारावर सायकल चालवू लागल्या. अर्ध्या उतारावरूनच सुरुवात करायच्या, एवढं शहाणपण त्यांना होतं. सोबत धोंडिबा नावाचा भिकूचा जोडीदार गवळी असायचा. आधी तो नुसता हसायला आला होता. नंतर रस्त्याच्या कडेला दगड ठेवून खुणा करण्याचं काम त्यानं स्वतःकडे घेतलं. ब्रेक कुठं दाबला, सायकल कुठं थांबली. वेग दुप्पट झाला की थांबायला चौपट रस्ता लागतो, हे बाईंनी सांगितल्यावर तो म्हणाला, असं कसं असंल, दुप्पटच लागंल. मग दोघांनी सपाटीवर करून बघितलं. खुणांमधलं अंतर पावलांनी मोजून तो म्हणाला, "आमी मंग मरायलाच निगतो की रोज."

एक दिवस त्यांनी नुसता पुढचा ब्रेक दाबून बघितला. गवळी पुढच्या ब्रेकला कधी हात लावत नसत, आणि का लावत नाहीत ते बाईंना हवं होतं. त्या दिवशी पाऊस नव्हता, रिम कोरडी होती. मी रस्त्याच्या कडेला होते. सायकलचं मागचं चाक वर उचललेलं मला दिसलं आणि पुढच्या क्षणी बाई हँडलवरून रस्त्यावर. मी धावत गेले. उजवा हात मनगटापाशी भलत्याच बाजूला वळला होता आणि चेहरा पांढरा पडला होता.

"पाहिलंस का," त्या म्हणाल्या, "मागचं चाक उचललं. ब्रेक लागला की सगळा भार पुढं येतो." मग त्यांची शुद्ध हरपली.

पौडच्या डॉक्टरांनी हात बांधला. ते हाड नीट बसलं नाही. पुढं त्यांना फळ्यावर वरच्या भागात लिहिता यायचं नाही, म्हणून त्यांचं सगळं गणित फळ्याच्या खालच्या अर्ध्या भागात असायचं.

गावात मात्र याचा बोभाटा झाला. शिक्षिकेनं पदर खोचून रस्त्यावर सायकलवरून पडावं, तेही गवळ्यांबरोबर, हे शाळेच्या समितीला रुचलं नाही. अध्यक्षांनी त्यांना बोलावून घेतलं. त्यांची नोकरी जाणार असंच सगळे धरून चालले होते. मी सोबत गेले. अध्यक्ष गावातले बडे बागाईतदार, माणूस वाईट नव्हता, पण लोक काय म्हणतात याची त्यांना फार काळजी असायची. त्यांनी बराच वेळ संस्काराबद्दल सांगितलं. बाई गळ्यातल्या झोळीत हात अडकवून ऐकत होत्या. मला भीती होती की त्या उलटून बोलतील.

बोलली ती सखू. ती कधी येऊन दाराशी उभी राहिली, ते आम्हाला कळलं नव्हतं. डोक्यावरून पदर घेऊन ती म्हणाली, "ती सायकल माज्या मालकाची हाय. म्या दिली बाईंला. काय बोलायचं त्ये मला बोला."

विधवेला काय बोलणार? शेवटी अध्यक्षांनी निवाडा दिला, की बाईंनी काय करायचं ते करावं, पण शाळेच्या वेळेत करू नये आणि पडू तर मुळीच नये.

त्याच संध्याकाळी कमलताई सखूच्या घरी गेल्या. मला बरोबर घेतलं. या वेळी त्या सायकलबद्दल बोलण्याआधी घोंगडीवर नीट बसल्या, सासूची विचारपूस केली, दिलेला चहा प्यायल्या. मग सखूला म्हणाल्या, भिकू प्यायला होता की नव्हता, हे सायकल सांगू शकत नाही. ती जे सांगते तेवढंच मी सांगेन.

"त्याच्या दोन्ही ब्रेकच्या दांड्या ताणून वाकल्यात. पुढची आणि मागची, दोन्ही सारख्याच. पडून वाकल्या असत्या तर एकच वाकली असती. त्यानं दोन्ही ब्रेक, एरवी गवळी धरत नाहीत तो पुढचासुद्धा, होता नव्हता तेवढा जोर लावून ओढले होते. चाकं ओली होती म्हणून त्यांनी धरलं नाही. त्या पावसात, तेवढं दूध घेऊन, त्या उतारावर मी असते तर मीही थांबले नसते. कुणीच थांबलं नसतं."

सखू जमिनीकडे बघत होती. सासू पुढं सरकून बसली. मग सखू म्हणाली, "प्यायचा कदीमदी. पन सकाळी न्हाई. सकाळी कदीच न्हाई."

"बरं," कमलताई म्हणाल्या.

"दोन्ही वडले म्हंता?"

"दोन्ही."

सखूनं तोंडात पदर धरला. ती तेव्हा रडली. मी तिला पहिल्यांदाच तसं रडताना बघितलं.

त्यानंतरचं काम तसं सोपं होतं. बाईंनी वर्गातला वहाणेचा प्रयोग पुन्हा काढला आणि पाण्यात करून बघितला. ओल्या रिमवर रबर घसरायचं, पण चामडं धरायचं, किंचाळायचं, पण धरायचं. गावच्या चांभाराकडून जुन्या वहाणांचे तळ कापून त्यांनी ब्रेकला बसवले. ते लवकर झिजायचे, म्हणून फक्त पावसाळ्यासाठी. आणि गवळ्यांना एक सवय लावली. उतार लागण्याआधी, सपाटीवर असतानाच ब्रेक हलकेच दाबून धरायचा, म्हणजे रिम पुसली जाते. उतारावर वेग घेऊच द्यायचा नाही. धोंडिबानं हे सगळ्यांना आपल्या भाषेत सांगितलं: "आदी चाकाचं त्वांड पुसायचं, मंग घाट उतरायचा." पुढच्या पावसाळ्यात एकजण तिथं पडला. गुडघा फुटला, दूध गेलं, पण तो उठून चालत घरी आला. आंब्याखालचं लिंबू-नारळ बंद झालं नाही. बाईंनी त्याबद्दल कधी तक्रारही केली नाही. "दोन्ही करू देत," म्हणायच्या.

आणखी काही वर्षांनी त्यांना कोल्हापुरात शिक्षकांना शिकवण्याची नोकरी मिळाली. जायच्या आधी सखूनं आम्हा दोघींना तिच्या माहेरी जेवायला नेलं. तिचं माहेर मुळशीच्या धरणाच्या काठावर. काठावर म्हणजे, धरण झालं तेव्हा गाव पाण्यात गेलं आणि माणसं वर सरकून राहिली. सखू तेव्हा पाळण्यात होती. मे महिना होता, पाणी खूप मागं गेलं होतं, आणि एरवी तळ्याखाली असलेली जमीन भेगाळून उघडी पडली होती. लांबवर दगडांच्या ओळी दिसत होत्या. त्या घरांच्या जोत्यांच्या होत्या.

जेवण झाल्यावर मी काठावरच्या जांभळीखाली बसले. ऊन फार होतं. कमलताई सखूला म्हणाल्या, "तुमचं घर कोणतं?" एवढंच विचारलं. सखू म्हणाली, आई सांगायची त्यावरून ठावं हाय, चला दावते.

दोघी चपला काढून चिखलाच्या सुकलेल्या पापुद्र्यांवरून निघाल्या. सखू पुढं, कमलताई मागं, वाकडा हात पोटाशी धरून. हळूहळू त्या एवढ्या लहान झाल्या की कोणती कोण, ते फक्त उंचीवरून कळत होतं. एका दगडांच्या ओळीपाशी त्या थांबल्या. सखूनं हात करून काहीतरी दाखवलं, इथं दार, इथं चूल, असंच काहीसं असावं. मग ती खाली बसली. कमलताई थोडा वेळ उभ्या राहिल्या आणि मग त्याही तिच्या शेजारी बसल्या. जोत्याच्या दगडावर त्यांनी तळहात टेकवला.

पौडची गाडी वर रस्त्यावर येऊन हॉर्न वाजवू लागली. मी हाक मारली. तेवढ्या लांबून ती पोहोचली नसावी. दोघींपैकी कुणी मागं वळून बघितलं नाही. मी ती गाडी जाऊ दिली.